१५०० च्या आतला बलवान
(ठाण्यात झालेल्या व्याख्यानाचे संपादित शब्दांकन)

श्रोतेहो,

'पोकेमॉन गो' हा फोन घेऊन रस्त्यावर फिरत प्राणी पकडण्याचा आणि त्यांना लढवण्याचा खेळ भारतात अधिकृतपणे १४ डिसेंबर २०१६ रोजी आला. जगातल्या काही देशांत तो त्याच वर्षीच्या जुलैत सुरू झाला होता, आणि आपल्यापैकी पुष्कळांनी तेव्हाच तो कुठून तरी मिळवून तलावपाळीच्या फेऱ्या सुरू केल्या होत्या, हे मला ठाऊक आहे. तेव्हापासून आजपर्यंत प्राणी समोर आला की आपली नजर आधी त्याच्या डोक्यावरच्या सीपीकडे, म्हणजे लढाऊ बळाच्या आकड्याकडे, जाते. आकडा मोठा असेल तर प्राणी बलवान आणि लहान असेल तर दुबळा, अशी आपली समजूत आहे. ही समजूत निदान ग्रेट लीगपुरती, म्हणजे १५०० पर्यंतच्या सीपीच्या प्राण्यांच्या लढतींपुरती, उलटी आहे, आणि हे मत म्हणून नव्हे तर गणिताने सिद्ध करून दाखवता येते, एवढे एकच विधान घेऊन मी आज आपल्यासमोर उभी आहे.

आधी सूत्र. प्रत्येक जातीला तीन मूळ गुण दिलेले असतात. खेळात त्यांना अटॅक, डिफेन्स आणि स्टॅमिना म्हणतात. मी आक्रमण, बचाव आणि दम असे म्हणेन. त्यात प्रत्येक प्राण्याच्या वाट्याला दर गुणासाठी शून्य ते पंधरापर्यंत आलेले आयव्ही, म्हणजे त्याचे जन्मजात जादा गुण, मिळवायचे. आक्रमणाची बेरीज जशीच्या तशी घ्यायची, बचावाच्या बेरजेचे वर्गमूळ घ्यायचे, दमाच्या बेरजेचेही वर्गमूळ घ्यायचे आणि तिन्हींचा गुणाकार करायचा. मग प्राण्याच्या लेव्हलप्रमाणे ठरलेला जो गुणक असतो, त्याच्या वर्गाने या गुणाकाराला गुणून दहाने भागायचे आणि उरलेला अपूर्णांक सोडून द्यायचा. उत्तर दहाच्या खाली गेले, तर सीपी दहा धरला जातो. हा गुणक विसाव्या लेव्हलला ०.५९७४, तिसाव्या लेव्हलला ०.७३१७, चाळिसाव्या लेव्हलला ०.७९०३ आणि पन्नासाव्या लेव्हलला ०.८४०३ असतो.

म्यूटू या प्राण्याचे मूळ गुण ३००, १८२ आणि २१४ आहेत. तिन्ही आयव्ही पंधरा धरले तर ३१५, १९७ आणि २२९ होतात. रेड, म्हणजे अनेकांनी मिळून एका मोठ्या प्राण्याशी केलेली लढत, जिंकल्यावर तो एरवी विसाव्या लेव्हलचा मिळतो, आणि वरचे सूत्र लावले की उत्तर २३८७ येते. रेडनंतर हा आकडा पडद्यावर दिसला की घोळक्यातून जो गलका उठतो, तो गलका म्हणजे हे सूत्र पाठ असल्याची खूण आहे. आकडेमोड न करतासुद्धा ती माणसे गणितच बोलत असतात, आणि मला त्याचे मनापासून कौतुक वाटते. तिन्ही आयव्ही दहा असतील तर तोच म्यूटू २२९४ चा दिसतो. साध्या रेडमध्ये त्याहून कमी आयव्हीचा प्राणी मिळतच नाही.

आता याच सूत्राने स्लेकिंग या दुसऱ्या प्राण्याचा हिशेब करू. त्याचे मूळ गुण २९०, १६६ आणि २८४ आहेत. पूर्ण आयव्हीने आणि चाळिसाव्या लेव्हलला स्लेकिंगचा सीपी ४४३१ होतो, तर म्यूटूचा ४१७८. केवळ सीपी पाहिला तर स्लेकिंग श्रेष्ठ ठरतो. परंतु रेडमध्ये म्यूटू बाजूला ठेवून स्लेकिंग उतरवणारा खेळाडू या सभागृहात कोणी आहे का? कोणीच हात वर केलेला नाही, आणि त्याचे कारण आपल्या सर्वांना ठाऊक आहे: स्लेकिंगची जलद चाल म्हणजे जांभई, आणि तिचा आघात शून्य. चाली सीपीत मोजल्या जात नाहीत, प्राण्याचा प्रकार मोजला जात नाही, आणि शॅडो, म्हणजे खेळातल्या खलनायकांच्या टोळीकडून सोडवून आणलेल्या, प्राण्याचे आक्रमण २० टक्क्यांनी वाढलेले असूनही त्याचा सीपी तेवढाच राहतो. येथपर्यंतची टीका आपण सर्वजण मान्य करतो. माझी तक्रार याच्याही पुढची आहे: जे तीन गुण सीपी मोजतो, तेही तो एकाच मापाने मोजत नाही.

ही तक्रार माझ्या मनात का घर करून बसली, ते सांगायला हवे. बुधवारी संध्याकाळी सहा ते सात या रेडच्या तासाला मासुंदा तलावाच्या काठी जो घोळका जमतो, त्यात आमच्या सोसायटीतली एक नववीतली मुलगी येते. तिला मारिल हा प्राणी फार आवडतो. दिसेल तो मारिल ती पकडते आणि प्रत्येकाची पारख, म्हणजे आयव्हींचे तीन पट्टे आणि तारे, नीट पाहते. एका संध्याकाळी तिने पकडलेल्या मारिलचा आक्रमणाचा पट्टा पूर्ण रिकामा होता आणि बचाव व दम यांचे दोन्ही पट्टे काठोकाठ भरलेले होते, म्हणजे आयव्ही शून्य, पंधरा, पंधरा. तिने तो शेजारी उभ्या असलेल्या एका जुन्या, अनुभवी खेळाडूला दाखवला. त्याने तारे पाहिले. तिन्ही आयव्हींची बेरीज तीस, आणि तीस ते छत्तीस या बेरजेला दोन तारे मिळतात. "दोन तारेवाले ठेवायचे नसतात गं, जागा अडते. ट्रान्सफर करून टाक," असे तो म्हणाला. तिने लगेच ऐकले. मारिल खेळातल्या प्रोफेसरांकडे कायमचा गेला आणि तिच्या हाती प्राण्याचे बळ वाढवायला लागणारी एक कँडी आली.

मी तेव्हा दोन पावलांवर उभी होते आणि माझे रेडमधले प्राणी निवडून होईपर्यंत सगळे संपलेही होते. त्या खेळाडूचा हेतू वाईट नव्हता. तो सगळ्यांना मदत करतो, रेडला माणसे कमी पडली तर फोन करून बोलावतो, लहान मुलांना रस्ता ओलांडून देतो. पण त्याने जे टाकून द्यायला सांगितले त्याची दुर्मिळता पाहा. एका गुणाच्या सोळा शक्यता, तीन गुणांच्या मिळून ४०९६. मोकळ्यावर भेटणाऱ्या प्राण्यात पंधरा-पंधरा-पंधरा, म्हणजे आपला लाडका हंडो, जितक्या वेळा येण्याचा संभव आहे, नेमक्या तितक्याच वेळा शून्य-पंधरा-पंधरा येण्याचा संभव आहे: ४०९६ मध्ये एकदा. एकाला आपण पेढे वाटतो आणि दुसऱ्याला एका कँडीवर घालवतो.

ठाण्यात तर तो याहूनही दुर्मिळ आहे, आणि याचे कारण आपले हवामान आहे. हवामानाचा जोर मिळालेल्या प्राण्याचे आयव्ही चारच्या खाली जात नाहीत. पावसात पाण्याच्या प्रकाराला जोर मिळतो, ढगाळ हवेत फेअरी प्रकाराला, आणि मारिल दोन्ही प्रकारांचा आहे. म्हणजे जून ते सप्टेंबर आपल्याकडे बहुतेक दिवस खेळात पाऊस नाही तर ढग दिसत असताना शून्य आक्रमणाचा मारिल मोकळ्यावर मिळणे अशक्यप्राय असते. साध्या रेडमध्ये आणि अंड्यांत आयव्ही निदान दहा असतात, त्यामुळे तो मार्गही बंद. त्या मुलीने कोरड्या दिवसात, मोकळ्यावर, जोर न मिळालेला असा एक मारिल गाठला होता. लेव्हल लहान होती म्हणून सीपी लहान होता, बेरीज लहान होती म्हणून तारे कमी होते, आणि एवढ्या दोन गोष्टींवर त्याचा निकाल लागला. मी तिला नंतर सूत्र समजावून सांगितले. तिने ते वहीत उतरवून घेतले आणि विचारले, "मावशी, मग खेळात तारे का देतात?" तारे केवळ तिन्ही आयव्हींची बेरीज सांगतात, आणि ज्या लीगला सीपीची मर्यादा नाही तेथे ती बेरीज बरोबर मार्ग दाखवते, असे उत्तर मी तिला दिले. मात्र जेथे मर्यादा आहे तेथे असेच उत्तर प्रत्येक नव्या खेळाडूला त्याचा पहिला मारिल सोडून देण्याआधी कोणीतरी द्यायला हवे, असे मला तेव्हापासून वाटते, आणि हे व्याख्यान मी त्याचसाठी मागून घेतले.

संयोजकांची चिठ्ठी आली आहे. सभागृह पुढच्या कार्यक्रमासाठी द्यायचे आहे. मूळ सिद्धता अजून व्हायची आहे, तेव्हा ती थोडक्यात मांडते.

आघाताचे सूत्र असे: चालीची क्षमता गुणिले आपले आक्रमण, भागिले समोरच्याचा बचाव, त्याचे निम्मे, त्याला प्रकाराचे गुणक आणि खेळाडूंच्या आपसातल्या लढतीत लागणारा १.३ चा गुणक लावायचा, अपूर्णांक सोडायचा आणि एक मिळवायचा. म्हणजे आपले आक्रमण दुप्पट झाले तर आपण जवळजवळ दुप्पट मारतो. बचाव दुप्पट झाला तर जवळजवळ निम्मे खातो. दम दुप्पट झाला तर दुप्पट खाऊ शकतो. मैदान सोडण्यापूर्वी आपण एकूण किती मारू, हे या तिन्ही गुणांच्या सरळ गुणाकारावर अवलंबून आहे. या गुणाकाराला आपण खरे बळ म्हणू. सीपीत मात्र आक्रमण दुप्पट केले की सीपी दुप्पट होतो आणि बचाव दुप्पट केला की सीपी जेमतेम १.४१ पट होतो.

लेव्हलचा गुणक तिन्ही गुणांना लावून घेतला, तर सीपी म्हणजे आक्रमण गुणिले बचाव व दम यांच्या गुणाकाराचे वर्गमूळ, भागिले दहा. ग्रेट लीगमध्ये हा आकडा १५०० च्या वर जाऊ शकत नाही, आणि आपण सगळेच त्याच्या अगदी जवळ जातो, म्हणून तो स्थिर धरू. मग बचाव गुणिले दम हे आक्रमणाच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात येते. ते पुन्हा आक्रमणाने गुणले की खरे बळ आक्रमणाच्या व्यस्त प्रमाणात उरते. सीपी समान असलेल्या दोन प्राण्यांत ज्याचे आक्रमण कमी, त्याचे खरे बळ अधिक. कुस्तीत वजनगट असतात तसा हा १५०० चा गट आहे, आणि आक्रमण हे असे वजन आहे की जे काट्यावर जास्त भरते आणि आखाड्यात तेवढे कामाला येत नाही.

आता मारिलचे पुढचे रूप अझुमारिल घ्या. मूळ गुण ११२, १५२ आणि २२५. हंडो अझुमारिल १५०० च्या आत फार तर छत्तिसाव्या लेव्हलपर्यंत जातो आणि त्याचा सीपी १४९७ होतो: आक्रमण ९७.४६, बचाव १२८.१६, एचपी (म्हणजे लेव्हलचा गुणक लावलेला दम) १८४. शून्य-पंधरा-पंधराचा अझुमारिल ४५.५ लेव्हलपर्यंत जाऊन १४९९ वर थांबतो: आक्रमण ९१.५९, बचाव १३६.५७, एचपी १९६. गुणाकार केला तर दुसऱ्याचे खरे बळ साडेसहा टक्क्यांहून थोडे अधिक भरते. एक उदाहरण मी मुद्दाम निवडून आणले आहे. समोरच्याचे आक्रमण १०५ आणि बचाव १२८ आहे, दोन्ही बाजूंची जलद चाल ८ क्षमतेची आणि आपापल्या प्रकाराची आहे. हंडो एका चालीत ५ चा आघात करतो आणि शून्य आक्रमणवालाही ५ चाच करतो, कारण अपूर्णांक सोडून दिले जातात. उलट बाजूने हंडोवर दर चालीला ६ चा आघात होतो आणि दुसऱ्यावर ५ चा. हंडो एकतिसाव्या चालीला पडतो, दुसरा चाळिसाव्या. प्रत्येक लढतीत फरक एवढा मोठा नसतो, पण त्याची दिशा बहुधा हीच असते.

अपवाद घाईत सांगते, पण ते तितकेच महत्त्वाचे आहेत. मास्टर लीगला मर्यादा नाही, तेथे पंधरा-पंधरा-पंधराच घ्यावा. रेडमध्ये वेळ मोजला जातो, तेथे आक्रमण हवे. दोघांनी एकाच क्षणी चार्ज चाल, म्हणजे शक्ती साठवून मारायची मोठी चाल, टाकली, तर ज्याचे आक्रमण जास्त त्याची चाल आधी लागते. म्हणून आरशातल्यासारखी एकाच जातीची लढत वारंवार होत असेल, तर काही खेळाडू जाणूनबुजून थोडे आक्रमण राखतात, आणि ते योग्यच करतात. जी जात १५०० ला पोहोचतच नाही तिच्याबाबत वरची सिद्धता लागू होत नाही. पिकाचू पूर्ण आयव्हीने पन्नासाव्या लेव्हलला १०६० पर्यंतच जातो, तेव्हा त्याला तिन्ही पट्टे भरलेलेच हवेत. मेडिचॅम हा प्राणी २०२० च्या नोव्हेंबरअखेरपर्यंत याच वर्गात होता, कारण चाळिसाव्या लेव्हलला तो १४३१ वर थांबत असे आणि हंडोच सर्वोत्तम असे. लेव्हलची मर्यादा पन्नासपर्यंत वाढली, त्याचा सीपी १६१८ पर्यंत जाऊ लागला आणि त्या दिवसापासून त्याचाही हिशेब बदलला. तेव्हा ज्यांनी कमी आक्रमणाचे मेडिचॅम टाकून दिले नव्हते त्यांना चाळिसाव्या लेव्हलच्या पुढे जायला लागणारी एक्सएल कँडी साठवण्याखेरीज काही करावे लागले नाही.

सूत्र फळ्यावर तसेच ठेवते आहे. ज्यांना आपापल्या फोनमधले दोन तारेवाले मारिल तपासून घ्यायचे असतील त्यांनी ते ट्रान्सफर करण्याआधी माझ्याकडे यावे. मी बाहेर जिन्यापाशी थांबते.