पद्मिनी यांच्या भाळावरचे कोंदण

चिमट्याच्या टोकावर धरलेला हा लाल खडा डाळिंबाच्या दाण्याहूनही लहान आहे. कन्याकुमारी जिल्ह्यातील नागरकोइल शहराच्या वडसेरी भागात देवमूर्तींचे दागिने घडतात आणि त्याच घडणीचा साज भरतनाट्यम नर्तकीच्या अंगावर चढतो. १९६८ च्या ‘तिल्लाना मोहनांबाळ’ या तमिळ चित्रपटात नर्तकीच्या भूमिकेत शोभणाऱ्या पद्मिनी यांचे रूप वाखाणताना आपण कारागिराच्या या पाटापर्यंत क्वचितच येतो.

चांदीच्या पातळ पट्ट्या वाकवून आधी खड्यांची घरे तयार केली जातात, त्यांत लाख भरली जाते, खड्याला झळाळी यावी म्हणून त्याच्याखाली वर्ख ठेवला जातो आणि खडा बसल्यावर त्याच्या कडेने सोन्याचा पातळ पत्रा अणकुचीदार अवजाराने दाबत दाबत फिरवला जातो. कारागिराचा अंगठा पाहा. मराठीत ज्याला आपण कोंदण म्हणतो, ते हेच काम आहे.

आता हा पूर्ण साज पाहू. भांगावर नेत्तिचुट्टी, तिच्या उजवीकडे सूर्य आणि डावीकडे चंद्र, डोक्यामागे राकोडी, तिच्याखाली वेणीभर उतरणारे जडनागम आणि कमरेला ओड्डियाणम. दंडावरची वंकी पाहताच मराठी प्रेक्षकाला आपली वाकी आठवेल. तंजावरच्या मराठा दरबारात, दुसऱ्या सरफोजी राजांच्या आश्रयाने, चार भावांनी भरतनाट्यमचा जो क्रम बांधला, त्याच्या अखेरीस येणारा तिल्लाना पद्मिनी याच अलंकारांच्या परंपरेत सादर करतात, हे मराठी माणसाने अभिमानाने लक्षात ठेवावे असे नाते आहे.

पद्मिनी तिरुवनंतपुरमच्या होत्या आणि त्यांच्या बालपणी वडसेरीही त्याच त्रावणकोर संस्थानात होती. १९५६ च्या भाषावार प्रांतरचनेत नागरकोइल मद्रास राज्यात आले. ललिता, पद्मिनी आणि रागिणी या तिघी बहिणींना ‘त्रावणकोर भगिनी’ म्हणत.

दागिन्यांना साथ कांचीपुरमच्या रेशमाची असते. अंगाचा आणि काठाचा रंग वेगळा ठेवण्यासाठी कोरवै विणीत तीन धोटे चालतात आणि एका मागावर दोन माणसे लागतात. काठ आणि अंग जिथे एकमेकांत गुंततात, तो सांधा येथे जवळून दिसतो आहे.

साच्यातून ओतलेले स्वस्त दागिने आल्यापासून वडसेरीतील हाताचे काम कमी झाले आहे.

शेवटचा खडा अजून बसायचा आहे. कारागीर तो उजेडाकडे धरतो, पुसतो आणि सूर्याच्या मधोमध ठेवतो.