शिंपी, कॉम्रेड आणि मग सगळ्यांचे चाचा: ए. के. हंगल

हिंदी सिनेमात ए. के. हंगल तरुण असे कधी दिसलेच नाहीत. दिसणार तरी कसे, जन्म 1914 चा आणि पहिला पिक्चर 'तीसरी कसम' आला 1966 ला, म्हणजे लोक रिटायरमेंटचा हिशोब मांडायला बसतात त्या वयात हे कॅमेऱ्यासमोर आले. त्याआधी पेशावरात शिंपीकाम शिकले, कम्युनिस्ट म्हणून कराचीच्या तुरुंगात राहिले, 1949 ला मुंबईत आले. इथंही पोटापाण्याला कपडे शिवणं चालूच आणि जोडीला इप्टा या डाव्या विचारांच्या नाट्यसंस्थेची नाटकं, सोबत बलराज साहनी, कैफी आझमी वगैरे मंडळी.

सिनेमात आले आणि इंडस्ट्रीला आयता बाप मिळाला. 'गुड्डी'त जया भादुरीचे वडील, दोन वर्षांनी 'अभिमान'मध्ये परत तिचेच वडील. 1973 च्याच 'नमक हराम'मध्ये मात्र युनियन लीडर झाले, आणि टेलर लोकांच्या युनियनचं काम यांनी खरोखर केलेलं, त्यामुळे तिथं अभिनय किती आणि आठवणी किती हे सांगणं अवघड आहे.

आता 'शोले'. रोल केवढा, तर अगदी मोजके सीन. घोड्यावरून पोराचं प्रेत आलंय, पोरगा म्हणजे आपला सचिन पिळगावकर, सगळं गाव गप्प उभं आहे आणि त्याचे आंधळे वडील रहीमचाचा, म्हणजे हंगल, काठी टेकत येतात नि विचारतात की एवढा सन्नाटा का आहे. आज त्या डायलॉगचे मीम झालेत, पण परत बघाल तेव्हा हात बघा, पोराचा चेहरा चाचपडणारे हात. रडणं-ओरडणं नाही, आणि नंतर अजान झाल्यावर हाच माणूस नमाजाला निघतो.

पुढे सगळं सरळ झालं असं नाही. 1993 ला पाकिस्तानी दूतावासाच्या कार्यक्रमाला गेले म्हणून बहिष्कार पडला, काम थांबलं. मग परत आले, 2001 ला 'लगान'मध्ये शंभूकाका, 2006 ला पद्मभूषण. आणि एवढं सगळं होऊनही 2011 मध्ये औषधपाण्याला पैसे नाहीत अशी बातमी आली, मग इंडस्ट्रीतले लोक धावले. सव्वादोनशेच्या आसपास पिक्चर केलेल्या माणसाची ही गत, कारण कॅरेक्टर आर्टिस्टला हिरोसारखे पैसे कधी मिळालेच नाहीत. 2012 ला 'मधुबाला' सिरियलसाठी व्हीलचेअरवरून शूटिंग केलं, त्याच वर्षी ऑगस्टमध्ये गेले.

पण मला विचाराल तर 'शोले'पेक्षा 1982 चा 'शौकीन' बघा. बासू चटर्जींनी अशोक कुमार आणि उत्पल दत्तसोबत यांनाही चावट म्हातारा केलं, तिघं गोव्याला जातात, आणि आयुष्यभर सज्जन बाप झालेला हा माणूस रती अग्निहोत्रीसमोर जो काही लाजतो ना, धमाल!