टाकी किती लिटरची, पल्ला किती किलोमीटरचा

नमस्कार श्रोतेहो.

पिकअप घ्यायला शोरूममध्ये गेलेला माणूस दोन प्रश्न हमखास विचारतो. अ‍ॅव्हरेज किती देते आणि टाकी किती लिटरची? समोरचा दोन आकडे सांगतो, आपण मनातल्या मनात गुणाकार करतो आणि खूश होतो. समजा टाकी ५० लिटरची आणि अ‍ॅव्हरेज १४. म्हणजे एकदा टाकी फुल्ल केली की ७०० किलोमीटर बघायला नको. मला आज या गुणाकाराबद्दल बोलायचं आहे. कारण त्याच्या भरवशावर निघालेल्या गाड्या आंबा घाटात, गगनबावड्याच्या पुढे, नाहीतर ऐन रात्री हायवेच्या कडेला उभ्या राहिलेल्या मी पाहिल्या आहेत. कोल्हापुरात उद्यमनगरात गाड्यांचं काम करताना दर पावसाळ्यात अशी एक तरी गाडी ओढून आणावी लागते.

कंपनीचा आकडा खोटा नसतो. तो चाचणीतला असतो. ठरावीक वजन, ठरावीक वेग, नवी गाडी, मोजकी थांबाथांब. आपल्या हौद्यात मात्र शिरोली एमआयडीसीतलं कास्टिंग असतं, मार्केट यार्डातले गुळाचे रवे असतात, नाहीतर टोमॅटोचे क्रेट ताडपत्रीपर्यंत चढवलेले असतात. तीच गाडी लोड घेऊन लिटरला १० देते असं धरू. आता टाकीतल्या ५० लिटरपैकी शेवटचे ७ लिटर हिशेबात घ्यायचेच नाहीत, ते का ते पुढं सांगतो. राहिले ४३. म्हणजे पल्ला ४३० किलोमीटर. कोल्हापूर ते पुणे २३५ किलोमीटरच्या आसपास, जाऊन-येऊन ४७०. परतीचं भाडं मिळालं आणि गाडी भरून निघाली, तर पेठ नाक्याच्या आसपास काटा लाल रेषेवर येतो. ७०० म्हणून घेतलेली गाडी पुण्याची एक फेरी एका टाकीत पुरी करत नाही. गाडीत दोष काही नाही. आपल्या गाडीचा, आपल्या लोडचा, आपल्या रस्त्याचा आकडा आपण कधी काढलेलाच नसतो.

तो काढायला मीटर लागत नाही, मशीन लागत नाही. टाकी फुल्ल करायची. नोझल खट् करून आपोआप बंद झालं की थांबायचं. ओडोमीटरचा आकडा वहीत लिहायचा. नेहमीसारखी गाडी चालवायची. दोन-तीनशे किलोमीटर झाले की शक्यतो त्याच पंपावर, त्याच मशीनवर, पुन्हा पहिल्या खट् पर्यंत भरायचं. जितके लिटर गेले त्यानं किलोमीटरला भागायचं. हा झाला तुमचा खरा अ‍ॅव्हरेज. एकदा काढून भागत नाही. भरल्या गाडीचा वेगळा, खाली गाडीचा वेगळा, घाटाचा वेगळा लिहा. महिनाभर हे केलंत की वही तुम्हाला आणखी एक गोष्ट सांगेल. कारण काही नसताना आकडा खाली यायला लागला, तर एअर फिल्टर, टायरमधली हवा, घासून चालणारा ब्रेक, इंजिनात डिझेल फवारणारे इंजेक्टर, यातलं काहीतरी बिघडलंय. गाडी बंद पडायच्या कितीतरी आधी वहीत कळतं.

खट् झाल्यावर पंपावरच्या पोराला ‘अजून बसंल की, घाल’ म्हणणारे पुष्कळ आहेत. कृपा करून तसं करू नका. डिझेल तापलं की फुगतं. जमिनीखालच्या टाकीतून आलेलं गार डिझेल तुमच्या टाकीत जातं आणि गाडी एप्रिलच्या उन्हात उभी राहते. १० अंशांनी तापलं तर ५० लिटरमागं जवळजवळ ४०० मिली वाढतं. त्यासाठी टाकीच्या वरच्या अंगाला जागा मुद्दाम मोकळी ठेवलेली असते. ती भरून टाकली की डिझेल झाकणातून झिरपतं आणि रस्त्यावर सांडतं. मागून येणारा दुचाकीवाला त्यावरून घसरतो. आणि पहाटे भरलं तर जास्त मिळतं, हेही मनातून काढून टाका. पंपाची टाकी जमिनीत पुरलेली असते, तिथलं तापमान सकाळ-दुपारी फारसं हलत नाही.

मापाची शंका आली तर भांडण करायची गरज नाही. प्रत्येक पंपावर वैधमापन शास्त्र विभागाचा शिक्का असलेलं ५ लिटरचं माप ठेवावं लागतं. ते मागायचा गिऱ्हाइकाला हक्क आहे. ५ लिटरला २५ मिलीपर्यंतचा फरक नियमात बसतो, त्याहून जास्त कमी आलं तर तक्रार करा.

आता घाटाकडे येतो, कारण कोल्हापूरच्या गाडीला घाट चुकत नाही. रत्नागिरीची बाजू धरा. कोल्हापुरातून १३० किलोमीटरच्या आसपास. जाताना मलकापूर, आंबा आणि मग खाली साखरप्याकडे उतार. जाताना काटा झकास दिसतो. रत्नागिरीत माल उतरवताना टाकी पाव हिश्श्याच्या जरा वर असते, आणि ड्रायव्हर म्हणतो, आलो तेवढंच जायचंय, पुरतंय की. इथंच फसगत होते. परतताना हौद्यात आंब्याच्या पेट्या किंवा मासळीचे बर्फ घातलेले खोके असतात आणि समोर चढ असतो.

चढाला किती डिझेल जातं याचा हिशेब सोपा आहे. गाडी आणि माल मिळून ३ टन धरा आणि चढ ५०० मीटर धरा. तेवढं वजन तेवढं वर उचलायला साधारण १५ मेगाज्यूल ऊर्जा लागते. एका लिटर डिझेलमध्ये ३६ मेगाज्यूलच्या आसपास असते, पण त्यातली चाकापर्यंत तिसऱ्या हिश्श्याहून कमीच पोहोचते. बाकीची सायलेन्सरमधून आणि रेडिएटरमधून उष्णता होऊन जाते. म्हणजे नुसत्या चढायलाच सव्वा ते दीड लिटर. सपाटीला लागणारं डिझेल त्याशिवाय. सपाटीवर लिटरला १० देणारी भरली गाडी घाटातल्या त्या दहा-बारा किलोमीटरला ५ वर येते. पुढं ट्रक अडकला असेल, पहिल्या-दुसऱ्या गिअरात थांबत-थांबत चढायला लागलं, तर त्याहूनही खाली. म्हणून घाटाची फेरी असेल तर निघताना जेवढं लागेल असं वाटतं तेवढंच येताना धरू नका. रत्नागिरीतच भरून घ्या.

उताराबद्दलही एक सांगून टाकतो, कारण यात जीव जातो. न्यूट्रल करून गाडी सोडली की डिझेल वाचतं, असं जुने ड्रायव्हर नव्याला शिकवतात. आताच्या कॉमन रेल इंजिनात, म्हणजे सगळ्या इंजेक्टरना एकाच दाबाच्या नळीतून डिझेल देणाऱ्या इंजिनात, गाडी गिअरमध्ये ठेवून अ‍ॅक्सिलेटरवरचा पाय काढला की इंजेक्टर डिझेल बंदच करतात. इंजिन चाकांच्या जोरावर फिरतं. न्यूट्रल केलं की इंजिनाला स्वतःच्या जोरावर चालू राहावं लागतं, म्हणजे डिझेल जळतंच. वाचत काही नाही आणि इंजिनाचा अडसर सुटल्यानं सगळा भार ब्रेकवर येतो. ब्रेक तापून पेडल मऊ पडतं. आणि कुणी इंजिनच बंद करून उतरत असेल, तर ब्रेकला मदत करणारा व्हॅक्यूम दोन-चार दाबांत संपतो आणि पेडल दगडासारखं होतं. चढताना जो गिअर लागतो त्याच गिअरात उतरा.

मघाशी शेवटचे ७ लिटर हिशेबात धरू नका म्हणालो. गॅरेजमधला हा संवाद ऐका.

“मिस्त्री, गाडी चांगली पळत होती, एकदम गचके देऊन बंदच पडली.”

“डिझेल बघितलंस का?”

“हाय की. काटा जरासा वर हाय अजून.”

काटा वर असतो आणि डिझेल नसतं. टाकीत एक तरंगणारा गोळा असतो, त्याच्या दांड्यावरून काटा हलतो. घाटात गाडी चढाला लागली की डिझेल टाकीच्या मागच्या बाजूला सरकतं. डिझेल ओढणारी नळी एका जागी आणि डिझेल दुसऱ्या जागी. टाकी भरलेली असताना हे जाणवत नाही, तळाला आलेली असताना वळणावर नळी उघडी पडते आणि डिझेलबरोबर हवा ओढते. आमच्या भाषेत गाडीनं एअर घेतली.

डिझेल गाडीत एअर घुसली की पाच लिटर आणून ओतलं तरी ती चालू होत नाही. फिल्टरच्या वर बहुतेक गाड्यांना एक हातपंप असतो. शेजारचा छोटा स्क्रू दोन आटे सैल करायचा आणि पंप दाबत राहायचं. आधी नुसती हवा, मग फेस, मग बुडबुड्यांचं डिझेल येतं. स्वच्छ, सलग धार आली की पंप दाबलेला ठेवूनच स्क्रू आवळायचा. पंप हाताला कडक लागला की मगच स्टार्टर मारायचा. एका दमात दहा सेकंदांपेक्षा जास्त नाही, मध्ये थांबायचं, नाहीतर बॅटरीही बसते आणि स्टार्टरही. आणि इंजेक्टरकडे जाणाऱ्या लोखंडी पाइपांच्या नटांना पाना लावायचा नाही. जुन्या गाड्यांत तसं करायचे. आता त्या पाइपांत हजार बारच्या वर दाब असतो, ती बारीक धार कातडी फोडून आत जाते.

हातपंपानं गाडी चालू होते, पण झालेली झीज भरून येत नाही. इंजेक्टरना दाबानं डिझेल पुरवणाऱ्या हाय प्रेशर पंपाला वंगण डिझेलचंच असतं. कोरडा चालला की आतले भाग घासतात, तो चुरा इंजेक्टरपर्यंत जातो, आणि मग बिल गाडीच्या हप्त्यांहून मोठं होतं. पेट्रोल गाडीत पंप टाकीतच बुडालेला असतो आणि पेट्रोलनंच गार राहतो. तिथंही सतत रिझर्व्हवर चालवणं म्हणजे पंप भाजणं आहे. म्हणून दिवा लागला की तो पंपावर जायचा इशारा समजा. पुढं अजून किती जाईल, हे बघण्यासाठी तो दिवा दिलेला नाही.

मग मोठी टाकीच का देत नाहीत, असं मला पुष्कळजण विचारतात. देतात, जिथं गरज आहे तिथं. अमेरिकेत फोर्डच्या एफ-१५० पिकअपला ३६ गॅलनची टाकी घेता येते, म्हणजे १३६ लिटर. तिकडे पंपांमधली अंतरं मोठी, ट्रेलर ओढायची पद्धत आणि पेट्रोल इंजिनं भूक असलेली. १९९० च्या दशकापर्यंत तर त्यांच्या काही पिकअपना दोन-दोन टाक्या यायच्या, डॅशबोर्डवरच्या बटणानं एकीवरून दुसरीवर जायचं. आपल्याकडे टोयोटा हायलक्स येते, तिची टाकी ८० लिटरची. आणि २००५ साली आलेला टाटा एस, आपला छोटा हत्ती, त्याच्या डिझेल गाडीला ३० लिटर. ते कमी वाटतं, पण त्याचं काम गावातलं. बाजारातून दुकानात, डेअरीतून गल्लीत. डिझेलचंही वजन असतं, ३० लिटरचं २५ किलो. पाऊण टन उचलणाऱ्या गाडीनं १०० लिटर डिझेल वागवत फिरायचं, तर तेवढा माल कमी घ्यावा लागेल. माझ्या मते आपल्या रस्त्यांना छोटी टाकी पुरते, हिशेब पक्का पाहिजे.

हौद्याखाली जादा टाकी वेल्डिंग करून घेणारे आहेत. गाडीच्या नोंदीत नसलेला असा बदल मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ मध्ये अडकतो, आणि अपघात झाला तर विमा कंपनी त्याच्यावरच बोट ठेवते. करू नका.

सीएनजीवाल्यांसाठी थोडक्यात. मारुती सुपर कॅरीच्या सीएनजी गाडीत पेट्रोलची टाकी फक्त ५ लिटरची असते, ती पंपापर्यंत पोहोचण्यापुरती. सिलिंडर घाईनं भरला की गॅस तापतो, दाब २०० बार दाखवतो पण गॅस कमी बसलेला असतो. उन्हाळ्यात पल्ला कमी येतो त्याचं हेही कारण आहे. कोकणात उतरण्याआधी वाटेत गॅस कुठं मिळतो ते फोन करून विचारा. आणि दर तीन वर्षांनी सिलिंडरची हायड्रो टेस्ट, म्हणजे पाण्याच्या दाबाची चाचणी, चुकवू नका.

आता पावसाळ्याचं. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगा ३९ फुटांवर गेली की इशारा आणि ४३ वर धोका, हे आपल्याला पाठ आहे. ऑगस्ट २०१९ आणि जुलै २०२१ मध्ये पाणी ५५ फुटांच्या वर गेलं, शिरोलीजवळ महामार्गच पाण्याखाली गेला आणि वाहतूक कित्येक दिवस थांबली. रस्ता बंद म्हणजे डिझेलचे टँकरही बंद. त्या दिवसांत दूध, औषधं, पाण्याचे जार आणि अडकलेली माणसं कुणी वाहिली? पिकअपवाल्यांनीच. म्हणून नदीनं ३५ फूट ओलांडले की टाकी अर्ध्याखाली जाऊ देऊ नका. वळसा घालावा लागला तर पल्ला हातात असतो. अर्धी रिकामी टाकी दमट हवेत ठेवली की आतल्या पत्र्याला पाणी सुटतं, ते डिझेलखाली साचतं, तेही टळतं.

आणि गाडी पुराच्या पाण्यात उभी राहिली असेल, तर पाणी ओसरल्यावर चावी फिरवू नका. आधी टाकीचा तळाचा बोल्ट काढून थोडं डिझेल काचेच्या बरणीत घ्या आणि दहा मिनिटं ठेवा. खाली पाण्याचा थर दिसला तर टाकी पूर्ण रिकामी करा, फिल्टर बदला, फिल्टरखालचं पाणी सोडा. टाकीच्या वर एक हवेची बारीक नळी असते, तिच्यात गाळ बसलेला असतो, ती फुंकून मोकळी करा. ती तुंबलेली राहिली तर गाडी दहा-पंधरा किलोमीटर जाऊन बंद पडते, आणि झाकण उघडलं की सूं करून हवा आत जाते. इंजिन ऑइल आणि एअर फिल्टर पाहून झाल्यावरच स्टार्टर मारा.

नमस्कार.