लाइन चालू आहे, पण लाइट कमी येतोय

अकोला जिल्ह्यातली काळी माती, रस्त्याकडेला उभा पिवळा जेसीबी, आणि जमलेल्या सगळ्यांना वाटतंय इंटरनेटची फायबर केबल, म्हणजे काचेच्या तंतूंतून उजेडानं डेटा नेणारी, यानंच तोडली. नाही तोडली. तुटली असती तर काम सोपं होतं. इथं लाइन चालू आहे, फक्त ग्रामपंचायतीच्या टोकाला उजेड मोजणारा पॉवर मीटर उणे २८ डीबीएम दाखवतोय (उणे आकडा जितका मोठा तितका उजेड कमी) आणि तिथल्या इंटरनेटच्या डब्याला साधारण उणे २७ पर्यंतचाच उजेड पकडता येतो, त्यामुळे नेट येतं, जातं, परत येतं.

आता तंत्रज्ञांनी पिकअपच्या फाळक्यावर जे मशीन उघडलंय ते ओटीडीआर, फायबरमध्ये उजेड कुठं कमी होतो ते शोधणारं. आधी एक्स्चेंजकडची पॅचकॉर्ड, म्हणजे जोडणारी छोटी फायबर वायर, काढून घेतली, कारण समोरून लाइट चालू असला तर मशीनचा डोळाच जाऊ शकतो, मग कनेक्टर अल्कोहोलनं पुसला, स्कोपखाली बघितला, परत पुसला. बघायला कंटाळवाणं आहे, माहितीय, पण आम्ही हा शॉट मुद्दाम कापला नाही.

मशीन काचेत लेझरचा एक छोटासा झटका सोडतं. काच कितीही शुद्ध असली तरी थोडा उजेड वाटेत विखुरतो, त्यातला किंचित मागं फिरतो, आणि तो किती वेळानं परत आला यावरून अंतर काढायचं. विहिरीत दगड टाकून आवाजावरून पाणी किती खोल ते सांगतात ना, तसं. फक्त काचेत उजेड सेकंदाला साधारण २ लाख किलोमीटर पळतो, म्हणजे ७ किलोमीटर जाऊन यायला ७० मायक्रोसेकंद.

ही बघा स्क्रीनवरची रेघ, आडवं अंतर, उभा परत आलेला उजेड. सुरुवातीचा उंच काटा कनेक्टरचा, त्याच्या लगेच पुढचं मशीनला दिसत नाही म्हणून मध्ये लाँच केबलचं, म्हणजे जादा फायबरचं, ते गुंडाळं लावलंय. पुढं सरळ उतार, १५५० नॅनोमीटर वेव्हलेंग्थच्या (तरंगलांबीच्या) उजेडाला किलोमीटरमागं ०.२ डीबीच्या आसपास घट (डीबी म्हणजे उजेड किती घटला याचं माप), म्हणजे किलोमीटरभर गेल्यावरही ९५ टक्के उजेड शिल्लक. १९७० ला अमेरिकेत कॉर्निंग या काच कंपनीच्या तिघांनी किलोमीटरमागं २० डीबीची मर्यादा मोडली तेव्हा किलोमीटरनंतर १ टक्का उरला तरी मोठी गोष्ट होती.

आणि सात किलोमीटरच्या जरा पुढं, ही पायरी. १५५० वर ३ डीबीच्या वर, म्हणजे निम्म्याहून जास्त उजेड एका जागी गायब. तेच १३१० नॅनोमीटरच्या, म्हणजे लहान वेव्हलेंग्थच्या उजेडावर बघितलं तर पायरी जेमतेम दिसतेय. फायबरचा जोड खराब असता तर दोन्ही वेव्हलेंग्थवर जवळपास सारखाच लॉस, म्हणजे घट, आला असता. १५५० वरच जास्त, म्हणजे फायबर कुठंतरी मुरडलाय, लांब वेव्हलेंग्थ वळणावर आधी बाहेर सांडते. हे मशीन सांगत नाही हां, मशीन फक्त आकडा देतं, ओळखायचं माणसानं.

स्क्रीनवरचे सात किलोमीटर म्हणजे रस्त्यावरचे सात नाहीत, चेंबरमध्ये, म्हणजे जमिनीतल्या झाकणाच्या खड्ड्यात, केबलचे लूप सोडलेले असतात आणि केबलच्या आत फायबर थोडा जास्तच लांब असतो. म्हणून केबलवर छापलेले मीटर वाचत वाचत तंत्रज्ञ ह्या चेंबरपाशी आले.

क्लोजर, म्हणजे फायबरचे जोड ठेवायची बंद पेटी, उघडलं. निळा, नारिंगी, हिरवा, तपकिरी फायबर ट्रेमध्ये क्रमानं, आणि नारिंगी झाकणाखाली दाबलेला. जोड एकदम नीट आहे, मग कुणीतरी घाईत ट्रे बंद केली. पैसे जोडामागं मिळतात, गुंडाळी नीट बसवायचे वेगळे मिळत नाहीत, आणि ट्रे बंद केल्यावर १५५० वर परत टेस्ट मारा असं कुणी म्हणत नाही. आमच्या मते सगळी गडबड इथंच आहे.

नारिंगी मोकळा केला, ३ सेंटीमीटर त्रिज्येपेक्षा मोठा लूप दिला, टेस्ट परत मारली आणि पायरी गेली. ग्रामपंचायतीत नेट आलं, अडकलेले दाखले निघाले.

गाडी आता दुसऱ्या टोकाला चाललीय. एका बाजूनं मोजलं की काही जोडांवर लॉसच्या जागी चक्क वाढ दिसते, दोन फायबर किंचित वेगळे असले की असं होतं, म्हणून दोन्हीकडून मोजून सरासरी घ्यायची. रिपोर्टच्या फॉर्मवर त्याला कॉलम नाही, तर ते शेऱ्यात लिहितात.