टॉलिव्हरांची जून

अमेरिकेतील व्हर्जिनिया आणि केंटकी या राज्यांच्या सीमेवरील डोंगराळ मुलुखात टॉलिव्हर आणि फॅलिन या दोन घराण्यांचे हाडवैर वर्षानुवर्षे चालत आले आहे, आणि त्या मुलुखात कोळशाच्या शोधात आलेल्या जॅक हेल या अभियंत्यावर टॉलिव्हरांच्या जून या मुलीचा जीव जडतो. ही कथा जॉन फॉक्स ज्युनिअर यांच्या १९०८ मधील ‘द ट्रेल ऑफ द लोनसम पाइन’ या कादंबरीची. फॉक्स हार्वर्डचे पदवीधर होते, त्यांच्या कुटुंबाने व्हर्जिनियातील बिग स्टोन गॅप या गावी जमीन आणि कोळशाच्या व्यवहारात पैसा घातला होता, आणि तेथील स्वयंसेवी पोलीस दलात ते स्वतःही होते. साहजिकच डोंगराकडे ते हेलच्याच नजरेने पाहतात.

चकमकी कथेत भरपूर आहेत. मात्र प्रेमात खरा अडसर बंदुकीचा नाही. हेल जूनला शिक्षणासाठी बाहेर पाठवतो. ती शहरी पेहराव आणि शहरी बोलणे अंगवळणी पाडून परतते, तेव्हा बापाचे लाकडी घर तिला परके वाटते, आणि तिला हे वळण लावणारा हेल मात्र डोंगरातल्या राबणुकीने कपड्यालत्त्यांत गबाळा झालेला असतो. फॉक्स यांच्या लेखणीचे सारे कसब या उलटापालटीत आहे.

मूकपटाला हा प्रसंग अवघडच होता, कारण बदललेली बोली ऐकवण्याची सोय नव्हती. पेहराव, चालणे आणि मधूनमधून येणाऱ्या मजकुराच्या पाट्या एवढ्यावरच भागवावे लागे. दिग्दर्शक सेसिल डमिल यांनी १९१६ मध्ये चित्रपट केला तेव्हा हेल दारूवरच्या कराचा महसूल अधिकारी झाला, जूनचा बाप हातभट्टीवाला झाला, आणि वर्गभेदाच्या जागी कायदा उभा राहिला. पडद्यासाठी हे सोपे होते, पण कथेतली खोच त्यात बोथट झाली, असे माझे मत आहे. जूनची भूमिका शार्लट वॉकर यांनी केली; आपले पती यूजीन वॉल्टर यांच्या १९१२ च्या नाट्यरूपांतरातही त्याच जून होत्या, आणि चित्रपटाच्या वेळी त्या चाळिशीला टेकल्या होत्या.

१९२३ मध्ये कथेवर पुन्हा चित्रपट झाला, आणि त्यात मेरी माइल्स मिंटर यांनी जून साकारली. तो त्यांचा अखेरचा चित्रपट ठरला, आणि आज त्याची प्रत उपलब्ध नाही. बिग स्टोन गॅपमध्ये मात्र १९६४ पासून या कथेचे नाटक उन्हाळ्यात उघड्या रंगमंचावर होत आले आहे, आणि बाहेरून आलेल्या माणसाने पाहिलेले टॉलिव्हर त्यात तिथलेच रहिवासी रंगवतात.