लांब नळीची बाटली

(जवळून दृश्य : चपटी काचेची बाटली, बुचातून निघालेली रबरी नळी)

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात इंग्लंड-फ्रान्समध्ये तान्ह्यांना दूध पाजायच्या या बाटलीचा खप प्रचंड होता. बाटलीला घट्ट बूच. बुचातून तळापर्यंत गेलेली काचेची नळी. बाहेरच्या टोकाला जोडलेली लांब रबरी नळी, तिच्या शेवटी हाडाची चकती आणि रबरी निपल. बाटली बाळाच्या कुशीला ठेवायची, निपल तोंडात द्यायचं, बाळ आपलं आपण ओढतं. धरायला कोणी लागत नाही, हाच तिचा मोठा गुण. आई दिवसभर गिरणीत असली, की तान्ह्याला सांभाळणारी शेजारीण नाहीतर थोरली बहीण बाकीची कामं उरकू शके. मूल सांभाळायला दाई ठेवणाऱ्या घरांनाही ती सोयीचीच वाटली.

(दृश्य : उभी चिरलेली रबरी नळी)

घात नळीत होता. दूध संपलं तरी आत पातळ थर राहतो. सोबत मिळणारा बारीक ब्रश काचेच्या नळीत चाले, वाकणाऱ्या रबरात पार जाईना. रबर जुनं झालं की आतून भेगा, आणि भेगांत नासलेलं दूध. उकळावं तर तेव्हाचं रबर लवकर खराब होई. ताजं दूध भरलं तरी ते त्या जुन्या थरावरूनच तोंडात येई. उन्हाळ्यात जंतू झपाट्याने वाढत. जुलाब-उलट्यांनी तान्ह्याच्या अंगातलं पाणी बघता बघता संपे.

इझाबेला बीटन यांच्या १८६१च्या प्रसिद्ध गृहव्यवस्था-ग्रंथात तर निपल एकदा बांधलं की नवं बसवेपर्यंत काढायला नको, असा सल्ला होता. तेव्हा जंतूंचं ज्ञान नव्हतं, हे खरं. पण कारण कळल्यावरही बोल लागला तो आयांच्या अज्ञानाला. धुताच न येणारी वस्तू विकणारे मात्र सुटले.

पॅरिसमध्ये प्रसूतितज्ज्ञ पिएर ब्युदँ यांनी १८९२ मध्ये तान्ह्यांसाठी तपासणी सुरू केली : वजन करायचं, अंगावर पाजायला उत्तेजन द्यायचं, नाइलाज असेल तिथे निर्जंतुक दूध. १८९४ मध्ये फ्रान्सच्याच फेकाँ गावी डॉक्टर लेऑं द्युफूर यांनी दूध-केंद्र काढलं. तिथे एका वेळेला एक, अशा भरून निर्जंतुक केलेल्या बाटल्या टोपलीतून घरी जात. उरलेलं दूध पुन्हा वापरायचा प्रश्नच नाही.

फ्रान्सने १९१० मध्ये नळीच्या बाटल्यांची विक्री आणि आयात कायद्याने बंद केली. ब्रिटनमध्ये तोवर होडीच्या आकाराची बाटली आली होती. दोन्ही टोकं उघडी, एकीकडे निपल, दुसरीकडे हवा आत घेणारी झडप. दोन्ही काढली की पाणी आरपार जाई. फक्त पाजताना ती तिरपी धरून कोणीतरी बसावं लागे. त्यामुळे नळीची बाटली तिथल्या दुकानांत पुढेही विकली जात राहिली.