बांधाच्या खालच्या अंगाला

मित्रहो, विन्स्लो होमर या अमेरिकन चित्रकाराने १८९९ मध्ये रंगवलेले 'आफ्टर द हरिकेन, बहामाज' हे जलरंगचित्र शिकागोच्या आर्ट इन्स्टिट्यूटमध्ये आहे. किनाऱ्याच्या वाळूत एक कृष्णवर्णीय माणूस पडलेला आहे, शेजारी त्याच्या होडीची फुटकी फळकुटे आहेत आणि आकाश निवळू लागले आहे. वादळ चित्रात कुठेच नाही. ते होऊन गेले आहे. हरिकेन, म्हणजे अटलांटिकवरचे चक्रीवादळ, आणि त्याविषयीचे साहित्य व कला या आजच्या विषयाची तयारी करताना मी पुन्हा पुन्हा या चित्रापाशी येऊन थांबलो. वाऱ्याला स्वतःचे रूप नसते, त्याने ज्याला आडवे पाडले त्याच्यातच तो दिसतो. त्यामुळे हरिकेनविषयी लिहिणाऱ्याला वा चित्र काढणाऱ्याला सर्वांत आधी हे ठरवावे लागते, की वादळ कोणाच्या अंगावरून गेलेले आपण दाखवणार आहोत.

हा निर्णय सर्वांत धाडसाने घेतला तो कृष्णवर्णीय अमेरिकन लेखिका झोरा नील हर्स्टन यांनी, असे माझे मत आहे. त्यांची 'देअर आइज वेअर वॉचिंग गॉड' ही कादंबरी १९३७ मध्ये प्रसिद्ध झाली आणि तिच्या उत्तरार्धातले वादळ १६ सप्टेंबर १९२८ रोजी फ्लोरिडावर आदळलेल्या खऱ्या हरिकेनवर बेतलेले आहे. फ्लोरिडातले ओकीचोबी हे सरोवर अफाट पसरलेले, पण फार उथळ आहे. उत्तरेकडून सुटलेल्या वाऱ्याने त्याचे पाणी दक्षिणेला लोटले, तिथला काळ्या चिखलमातीचा ठेंगणा बांध फुटला आणि किमान २,५०० माणसे मेली. त्यांतले बहुतेक जण भाज्यांच्या मळ्यांवर राबणारे कृष्णवर्णीय मजूर होते आणि पुष्कळ जण बहामा बेटांवरून आलेले होते. रायगडच्या खारेपाटात खाऱ्या पाण्यापासून भातशेती राखणाऱ्या बंदिस्तीला खांड पडली की काय होते, हे ज्यांनी पाहिले आहे त्यांना या सगळ्याची कल्पना करून द्यावी लागणार नाही.

हर्स्टन यांनी वादळाला जेमतेम एक प्रकरण दिले आहे आणि त्यातही वाट पाहण्यालाच मोठी जागा आहे. आधी सेमिनोल, म्हणजे फ्लोरिडातले मूलनिवासी, लोक रांगेने उंच जमिनीकडे जाताना दिसतात, त्यांच्यामागून ससे, साप आणि हरणे जातात. कादंबरीची नायिका जेनी आणि तिचा नवरा टी केक मात्र जागचे हलत नाहीत. मजुरी चांगली मिळते आहे आणि मळ्याचे गोरे मालक घर सोडत नाहीत, मग आपण तरी का घाबरायचे, असा त्यांचा हिशेब असतो. मृत्यूच्या आदल्या दिवशीचा हा हिशेब वेडेपणाचा नाही, तो रोजंदारीवर जगणाऱ्याचा आहे, आणि लेखिका त्याकडे कुठेही तुच्छतेने पाहत नाही. पुढे सरोवर एखाद्या अजस्र श्वापदासारखे आपले अंथरूण सोडून उठते, तेव्हा झोपडीतल्या अंधारात बसलेली माणसे वर पाहत राहतात. 'त्यांचे डोळे देवाकडे लागले होते' अशा अर्थाचे कादंबरीचे नाव त्या नजरेवरूनच आले आहे.

पण मला सर्वांत अस्वस्थ करते ते त्याच्या पुढचे प्रकरण. बंदुकीच्या धाकाने टी केकला प्रेते पुरण्याच्या कामाला जुंपले जाते. शवपेट्या थोड्या आहेत आणि त्या गोऱ्यांसाठी राखून ठेवल्या आहेत. बाकीच्यांना चुना टाकून खड्ड्यात लोटायचे आहे. पाण्यात फुगलेल्या देहांचा रंग ओळखू येत नाही, तरी केस तपासून निवाडा करा, असा हुकूम आहे. यात कल्पनेचा भाग फार थोडा आहे. वेस्ट पाम बीच शहरात ६९ गोऱ्यांना शवपेट्यांत घालून दफनभूमीत पुरले गेले आणि ६७४ कृष्णवर्णीयांना एका सामाईक खड्ड्यात. त्या खड्ड्यावर कित्येक दशके साधी खूणही नव्हती. दगडी खूण नव्हती त्या सगळ्या काळात ही कादंबरीच त्यांची खूण होती, असे मी पूर्ण विचारांती म्हणतो.

२९ ऑगस्ट २००५ रोजी कतरिना नावाचे हरिकेन अमेरिकेच्या दक्षिण किनाऱ्यावर आले. न्यू ऑर्लिन्सचे संरक्षण करणारे बांध आणि पूरभिंती ठिकठिकाणी फुटल्या आणि शहराचा सुमारे ८० टक्के भाग पाण्याखाली गेला. या वादळावर पुष्कळ लिहिले गेले. मी दोनच लेखिकांविषयी बोलतो.

पॅट्रिशिया स्मिथ यांनी 'ब्लड डॅझलर' या २००८ च्या कवितासंग्रहात वादळालाच बोलते केले आहे. हवामान खात्याच्या पत्रकांतल्या कोरड्या ओळींखाली कतरिना प्रथमपुरुषी, भुकेल्या स्त्रीच्या आवाजात बोलू लागते. हा मार्ग निसरडा आहे, कारण वादळाला व्यक्तिमत्त्व दिले की बांध बांधणारे आपोआप सुटतात. स्मिथ यांना त्याची जाणीव होती, असे मला वाटते. म्हणूनच त्याच संग्रहात '३४' नावाची कविता आहे. वृद्धाश्रमात मागे राहून बुडालेल्या चौतीस जणांसाठी तिचे चौतीस क्रमांकित तुकडे आहेत, प्रत्येकाला एक, काही तर अगदी आखूड. वाचताना आकडा वाढत जातो आणि आपण मोजणे थांबवू शकत नाही.

जेसमिन वॉर्ड यांची 'सॅल्व्हेज द बोन्स' (२०११) बारा दिवसांची आहे आणि वादळ येते अकराव्या दिवशी. त्याआधीचे दहा दिवस मिसिसिपीतल्या एका गरीब कृष्णवर्णीय घरात पाण्याची भांडी भरणे, फळ्या गोळा करणे, व्यालेल्या कुत्रीची निगा आणि पंधरा वर्षांच्या एशने सर्वांपासून लपवलेले गर्भारपण यांतच जातात. कादंबरीत वादळाची पूर्वतयारी इतक्या तपशिलाने मी दुसरीकडे वाचलेली नाही, आणि या तपशिलाला कारण आहे: तुटपुंज्या पैशांत केलेली तयारी पुरी पडणार नाही, हे वाचकाला दहा दिवस आधीच कळत असते. वॉर्ड यांचे कुटुंब स्वतः त्या पुरातून बाहेर पडले होते. शेवटी एश वादळाला आई म्हणते, जीव घेणारी आणि तरीही काहींना जिवंत ठेवून जाणारी आई. स्वतः आई होऊ घातलेल्या मुलीच्या तोंडी ही प्रतिमा उसनी वाटत नाही.

संगीताविषयी थोडेसे. दिग्दर्शक स्पाइक ली यांचा 'व्हेन द लेव्हीज ब्रोक' ('बांध फुटले तेव्हा') हा कतरिनावरचा चार भागांचा माहितीपट २००६ मध्ये आला. त्याचे संगीतकार टेरेन्स ब्लँचर्ड हे न्यू ऑर्लिन्सचेच. माहितीपटात ते आपल्या आईला तिच्या उद्ध्वस्त घरी घेऊन जातात आणि दारातून आत पाऊल टाकताच ती रडू लागते. पुढच्या वर्षी त्यांनी याच संगीतातून कतरिनासाठी एक मृत्युस्तोत्र रचले. त्यातल्या 'लेव्हीज' या रचनेत तंतुवाद्ये पाण्यासारखी संथपणे चढत जातात आणि त्यांच्यावर एकटा ट्रम्पेट हाका मारत राहतो. त्याला शेवटपर्यंत कोणतेही वाद्य उत्तर देत नाही.